दुसरं संत्रं

पुस्तक आलं ते सिंगापुरातल्या आमच्या आंग मो किओच्या जुन्या पत्त्यावर. एका रविवारी आईने ते भाजीच्या पिशवीत घालून सेंगकांगला माझ्याकडे आणलं. "जपानहून आलंय. तुझ्या बाबांच्या त्या ओकादासाहेबांचं असणार," एवढंच म्हणाली आणि मेथी निवडायला बसली. राखाडी कव्हर, पंज्याएवढा आकार, एकशे बारा पानं, किंमत कुठेही छापलेली नाही. आत ओकादा-सानांच्या मुलीची इंग्रजीत चार ओळींची चिठ्ठी होती. वडील गेल्या वर्षी गेले, त्यांनी लिहून ठेवलेल्या आठवणी घरच्यांसाठी छापून घेतल्या, त्यांत तुमच्या घराचाही उल्लेख आहे, म्हणून एक प्रत पाठवते. बाबांना जाऊन तोवर सहा वर्षं झाली होती. म्हणजे ज्यांनी लिहिलं ते नाहीत आणि ज्यांच्या नावाने आलं तेही नाहीत. उरले मी, आणि मला जपानी वाचता येत नाही.

आमच्या तांजोंग पगारच्या ऑफिसात युकी म्हणून एक सहकारी आहे. माहेर जपानचं, नवरा इथला. जेवणाच्या सुट्टीत हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाण्याच्या गाळ्यांच्या मंडईत, सूपचा वाडगा बाजूला सरकवून ती मला रोज काही पानं इंग्रजीत सांगू लागली. पहिल्याच दिवशी म्हणाली, "माझ्या आजीनेही असंच एक लिहिलं होतं." युद्धाच्या वेळी लहान असलेल्या तिकडच्या बऱ्याच माणसांनी म्हातारपणी अशी पुस्तकं लिहिली, ती विकायची नसतात, नातेवाइकांत वाटायची असतात, असं तिने सांगितलं. मला वाटलं होतं, लढाईचं वर्णन असेल. तसं फारसं काही नव्हतं. भूक होती. शहरावर बॉम्ब पडू लागले म्हणून शाळेतल्या मुलांना डोंगरातल्या एका बौद्ध देवळात नेऊन ठेवलं. सकाळी रताळ्याची पेज, दुपारी रताळं, संध्याकाळी रताळ्याच्या वेलाचे देठ. मुलं चवीसाठी दंतमंजन चाटायची. युद्ध संपलं, पण खाणं आलं नाही. आई आपले किमोनो घेऊन खेड्यात जायची आणि त्यांच्या बदल्यात रताळी आणायची. एकदा स्टेशनात पोलिसांनी तिची पिशवी तपासली आणि चोरट्या बाजाराचा माल म्हणून सगळी रताळी काढून घेतली. आईने रिकामी पिशवी प्लॅटफॉर्मवरच गुडघ्यावर ठेवून नीट चौकोनी घडी घातली, असं त्यांनी लिहिलं आहे. तिथे युकी थांबली आणि त्या दिवशी पुढे वाचलं नाही.

आमच्याबद्दल अर्धं पान आहे. त्यात दोन चुका आहेत. मी हिशेब तपासण्याचं काम करते, छापलेली चूक मला तशीच सोडता येत नाही. ओकादा-सान लिहितात की सिंगापुरातल्या एका भारतीय घरी मला मेजवानीला बोलावलं होतं आणि जेवणानंतर त्या घरातल्या आजीने मला एक संत्रं दिलं. ते मी खोलीवर जाऊन खाल्लं, गोड होतं. तर, ती मेजवानी नव्हती, आमचा उपवास होता. आणि ती आमची आजी नव्हती. ही दुसरी चूक मला फारशी खुपली नाही. पण त्या अर्ध्या पानात जे नाही ते लिहून ठेवायला आता मीच आहे.

आमचा फ्लॅट दहाव्या मजल्यावर होता, लांब कॉरिडॉरच्या टोकापासून दुसरा. टोकाचा आह माचा. दार कुणी बंद ठेवत नसे, फक्त लोखंडी जाळी ओढलेली, त्यामुळे कुणाच्या घरी काय शिजतंय आणि कुणाचं कुणाशी बिनसलंय हे सगळ्यांना कळायचं. सकाळी बांबूवर वाळत घातलेल्या कपड्यांचं पाणी खालच्या मजल्यावर टपटपायचं आणि खालून एक बाई ओरडायची. दुपारी कुठल्यातरी घरात माहजॉंगच्या सोंगट्या ढवळल्याचा आवाज यायचा, खडी ओतल्यासारखा. आई सकाळी साडेसातला बँकेत निघायची. तिची बँक तांजोंग पगारलाच होती, आज मी बसते त्या इमारतीपासून चालत पाच मिनिटांवर. बाबा त्याच्याही आधी, आंग मो किओच्याच इंडस्ट्रियल पार्कमधल्या कारखान्यात. मी आणि माझा धाकटा भाऊ मंदार शाळेतून येऊन थेट आह माच्या घरात शिरायचो. आह मा म्हणजे आजी. तिच्या नातवंडांची ती आह मा, म्हणून आमचीही. मला ती "आह गर्ल" म्हणायची आणि मंदारला नावच नव्हतं, त्याला ती सरळ कॉलर धरून बोलवायची. आई तिला महिन्याला पैसे द्यायची, पण पैशांवर कुणी मुलांच्या डोक्यातल्या उवा काढत नाही, आणि तापात रात्रभर ओल्या फडक्याने अंग पुसत नाही. तिच्याशिवाय आईची नोकरी एक आठवडा चालली नसती. आईला हे माहीत होतं आणि ती ते अधूनमधून मोठ्याने म्हणायची.

आह माच्या स्वयंपाकघरात मी हॉक्कियन, तिची चिनी बोली, शिकले. ती भाताची पेज करायची, वरून तळलेला लसूण आणि सोया सॉसचे दोन थेंब. आमच्यासाठी अंडं वेगळ्या कढईत; आई अंडं खात नाही म्हणून आधी तिने आम्हालाही ते बंद केलं होतं आणि मग स्वतःच तो नियम मोडला होता. भाताचं एक शीतही ताटात राहिलेलं तिला चालत नसे. दोनच गोष्टी तिच्या घरात येत नसत, रताळं आणि टॅपिओकाचा कंद. बाजारात आई रताळी निवडायला लागली की आह मा पाच पावलं पुढे जाऊन कोथिंबिरीपाशी उभी राहायची. आईने एकदा साबुदाण्याची खिचडी वाटीत घालून पाठवली, तर तिने दाणा बोटात धरून चेपला, वास घेतला आणि म्हणाली, "हे मी ओळखते." वाटी परत. आईला वाटलं, दाण्याचं कूट आवडलं नसेल. साबुदाणा टॅपिओकाच्याच कंदाचा करतात हे आईला ठाऊक नव्हतं. आईच्या एकादश्यांबद्दल आह माचं मत सरळ होतं. घरात तांदूळ भरलेला असताना जी बाई भात खात नाही तिला वेड लागलं आहे, पण बिचारी कामाची आहे, म्हणून सांभाळून घ्यायचं.

तिच्या बैठकीच्या खोलीत, देव्हाऱ्यातल्या लाल दिव्याशेजारी, एका तरुणाचा फोटो होता. कान मोठे, केस नीट मागे वळवलेले. तो तिचा मोठा भाऊ. युद्धात जपानी सैन्याने सिंगापूर घेतलं तेव्हा चिनी पुरुषांना चौकशीसाठी बोलावलं होतं. तो सकाळी स्वच्छ सदरा घालून गेला, काहींना परत पाठवलं, काहींना लॉरीत चढवलं. तो लॉरीत चढलेल्यांपैकी. ते परत आले नाहीत. पुढची तीन-साडेतीन वर्षं आह मा आणि तिची आई टॅपिओका आणि रताळी खाऊन जगल्या, घराच्या मागे तेवढंच उगवत होतं. हे तिने मला एकदाच सांगितलं, मासे साफ करता करता, आणि पुन्हा कधी नाही. तिच्या मुलाने, तो टॅक्सी चालवायचा, एकदा तिला जपानी राइस कुकर आणून दिला. तो कुकर दोन वर्षं खोक्यासकट कपाटावर होता. मुलगा चिडवायचा, "आई, माझी टॅक्सीसुद्धा जपानी आहे." ती म्हणायची, "म्हणून मी बसने जाते."

चिनी नव्या वर्षाचे पंधरा दिवस तिच्याकडे संत्र्यांची पाटी भरलेली असायची. ज्याच्या घरी जायचं त्याला दोन संत्री द्यायची, दोन्ही हातांनी, नेहमी जोडीनेच. एकदा मंदारने शेजारी द्यायच्या पिशवीतलं एक उचललं तर तिने त्याच्या हातावर चापटी मारली. एक देत नाहीत, म्हणाली. द्यायचं तर जोडी पूर्ण हवी.

बाबांचा कारखाना जपानी होता. आह माला ते माहीत असावं, गणवेशाच्या खिशावर नाव होतं, पण पोटासाठी कुठे जावं लागतं यावर ती बोलत नसे. ओकादा-सान बाबांच्या विभागाचे प्रमुख. बाबा त्यांच्याबद्दल एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगायचे. एखाद्या कामगार मुलीच्या हातून सरकत्या पट्ट्यावर चूक झाली तर ते तिला काही बोलत नसत. तिच्या खुर्चीत स्वतः तासभर बसून तेच काम करत आणि मग म्हणत, खुर्चीची उंची चुकीची आहे. चार वर्षं ते इथे एकटे राहिले. त्यांना कायमचं परत बोलावलं तेव्हा बाबांनी त्यांना घरी जेवायला बोलावलं. त्यांना एकच रविवार मोकळा होता आणि त्याच दिवशी एकादशी आली. चिनी नवं वर्ष अमावास्येला सुरू होतं, त्यामुळे त्यांचा अकरावा दिवस आणि आमची एकादशी बहुतेक एकाच दिवशी येतात, हे मी दोन कॅलेंडरं शेजारी ठेवून शोधून काढलं होतं आणि त्याचा मला फार अभिमान होता. आईने सुचवलं, त्यांच्यापुरता वरणभात करते. पण ओकादा-सानांनी बाबांना सांगितलं होतं की घरातले जे खातील तेच मी खाईन, वेगळं काही केलंत तर मी येणार नाही. आई खूश झाली. उपवासाचा तिचा स्वयंपाक रोजच्याहून चांगला व्हायचा हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

तिची काळजी वेगळी होती. "आह माला सांगायला हवं," बाबा शुक्रवारी म्हणाले.

"काय सांगू? की आमच्याकडे जपानी माणूस जेवायला येतोय?"

"तेच."

"आणि सोमवारी तिने जाळीला कुलूप लावलं तर? मी नोकरी सोडून घरी बसू?" आई म्हणाली. मग थोड्या वेळाने, आवाज उतरवून, "नोकरीचंही जाऊ दे हो. पोरं कुणाकडे बघतील?"

शनिवार गेला. आईने सांगितलं नाही.

रविवारी सकाळपासून आमच्या घरात तुपाचा वास होता. भिजलेला साबुदाणा ताटात मोकळा करून ठेवलेला, वऱ्याचे तांदूळ, दाण्याची आमटी, बटाट्याची भाजी, काकडीची कोशिंबीर. आणि आईचा हातखंडा पदार्थ म्हणजे रताळ्याचे गोड काप, तुपात परतून, लिटल इंडियातून आणलेला गूळ आणि वेलदोडा घालून, कडेने जरासे खरपूस. ओकादा-सान ठरल्या वेळी आले. बूट काढून त्यांची टोकं दाराकडे वळवून ठेवली. उंचीला बाबांपेक्षा कमी, केस पांढरे, हातात आईसाठी डबा. आईने पान वाढलं. काप मध्यभागी ठेवले, कारण ते दिसायला सुंदर होते.

त्यांनी हात जोडले, पानाकडे पाहिलं आणि हात तसेच राहिले. किती वेळ ते मी सांगू शकत नाही, पण मंदारने तेवढ्यात आपला एक काप संपवला. मग त्यांनी बाबांना हळू आवाजात विचारलं, आज तुमच्याकडे सगळे हेच खाणार का? बाबांनी समजावलं. या दिवशी धान्य वर्ज्य, म्हणून कंद चालतात, हे व्रताचं खाणं आहे, मुलं वाट बघतात याची. ओकादा-सान हसले, पण ते हसू पूर्ण नव्हतं. म्हणाले, एक क्षण मला वाटलं, तुम्ही मला काही सांगू पाहताय. आणि मग त्यांनी ते देऊळ, ते देठ, आईची पिशवी, हे सगळं चार-पाच वाक्यांत सांगितलं. मी हे लहान असताना इतकं खाल्लं की नंतर आजवर एकदाही तोंडात घातलेलं नाही. बाबांनी आईला मराठीत सांगितलं. आई उठून त्यांचं पान उचलायला गेली. त्यांनी पानावर हात आडवा धरला.

त्याच वेळी जाळी सरकली. आह मा आत आली, रोज येते तशी, न विचारता. हातात दोन संत्री, देठाला हिरवं पान असलेली. पाहुणा आहे एवढं तिला वासावरून कळलं होतं.

तिने बाबांना मलाय भाषेत विचारलं, हे कुठले? बाबा खोटं बोलू शकत नसत, ही त्यांची खोड होती. म्हणाले, जपानचे. माझे साहेब.

आह माने ओकादा-सानांकडे पाहिलं. मग टेबलाकडे. रताळी पाहिली, साबुदाणा पाहिला. मग आईकडे वळली आणि तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी आधी कधी पाहिलं नव्हतं. ती हसत होती.

"ह्याला तू हे खायला घातलंस," ती मला म्हणाली, म्हणजे आईसाठी, हॉक्कियनमध्ये. "सांग तुझ्या आईला, बरं केलंस. इतक्या वर्षांत कुणाला सुचलं नाही."

खोलीत हॉक्कियन मला आणि मंदारलाच कळत होतं, आणि मंदार लहान होता. मी बाबांकडे पाहिलं. बाबा म्हणाले, "जसं आहे तसं सांग. दोन्हीकडे." मी आधी मराठीत सांगितलं आणि आईने, पदर नसतानाही, तोंडाला पदर लावावा तसा हात नेला. मग इंग्रजीत सांगितलं. ओकादा-सान उभे राहिले. मी त्यांना हेही सांगितलं की या उपवासाला आम्ही असंच खातो, आईने मुद्दाम काही केलेलं नाही. ते म्हणाले, मला माहीत आहे. त्यांना सांग, हे मीही खाल्लं आहे. दुसरं काही नव्हतं म्हणून.

आह माचं हसू गेलं. तिने विचारलं, कधी? मी सांगितलं, त्याच युद्धात. तिने विचारलं, तेव्हा हा केवढा होता? ओकादा-सानांनी उत्तर द्यायला शब्द वापरले नाहीत, माझ्याकडे हात केला. मी दहा वर्षांची होते. आह माने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, जणू शाळेचा नवा गणवेश अंगाला बसतो का ते पाहावं तसं.

"विचार त्याला," ती म्हणाली, "माझा भाऊ कुठे नेला."

हे वाक्य मी इंग्रजीत कसं केलं ते आठवत नाही. केलं एवढं नक्की. ओकादा-सान म्हणाले, "मला माहीत नाही. आम्हाला कुणी काही सांगितलं नाही. आणि मोठा झाल्यावर मीही विचारलं नाही." मी ते सांगितलं.

ओकादा-सान खाली बसले आणि त्यांनी कापाचा एक तुकडा तोंडात घातला. मग दुसरा. चावताना डोळे मिटत नव्हते, पानाकडे बघत खात होते, औषध घेतात तसं. आह मा उभी राहून बघत होती, आम्ही सगळे बघत होतो, मंदारसुद्धा. तिसरा तुकडा त्यांनी उचलला तेव्हा आह मा पुढे झाली, त्यांचं पान त्यांच्यापुढून उचललं आणि आईच्या हातात दिलं.

"पुरे," ती म्हणाली. हे मला भाषांतर करून सांगावं लागलं नाही.

मग तिने हातातलं एक संत्रं टेबलावर, पान होतं त्या जागी ठेवलं. दुसरं परत मुठीत घेतलं आणि जाळी ओढून निघून गेली.

ओकादा-सान थोड्या वेळाने गेले. संत्रं त्यांनी रुमालात बांधून घेतलं. बाबा त्यांना लिफ्टपर्यंत सोडून आले आणि कॉरिडॉरमध्ये उभे राहिले. आह माच्या घरात दिवा होता, पण आतला दरवाजा लावलेला होता. तो मी त्याआधी कधी लावलेला पाहिला नव्हता. आईने भांडी घासली, मग एका दोऱ्यात घराची किल्ली ओवली आणि माझ्या दप्तरावर ठेवली. "उद्या गळ्यात घाल," म्हणाली. "मंदारला घेऊन सरळ घरी यायचं. फ्रिजमध्ये दूध आहे. मी बघते रजा मिळते का." एकच संत्रं दिलं, याचा अर्थ काय ते तिला समजत होतं. मलाही समजलं असं वाटत होतं. जोडी द्यायची नाही असं ठरवलं, म्हणजे संपलं.

परवा मी लेकीला हे सांगत होते. आमच्या सेंगकांगच्या मॉलमध्ये आता भाजलेली जपानी रताळी मिळतात, कागदी पाकिटात, लोक रांग लावून घेतात. ती एक सोलत म्हणाली, "आई, बट इट्स जस्ट स्वीट पोटॅटो, लाह." मी म्हटलं, हो. आणि तिला अर्धं मागितलं.

त्या सोमवारी शाळेतून येताना मी मंदारचा हात धरून कॉरिडॉरमध्ये आले ते आमच्या दारापाशी थांबायचं असं मनाशी घोकत. किल्ली घामाने छातीला चिकटली होती. पण लसूण तळल्याचा वास आमच्या दाराच्याही पुढून येत होता. टोकाची जाळी उघडी होती, आतला दरवाजाही. आह मा आतून ओरडली, "आह गर्ल, हात धू. आणि त्यालाही घे." मंदार माझा हात सोडवून पळाला.

मी उंबऱ्यात थांबले. ओकादा-सानांच्या पुस्तकात एकच संत्रं आहे आणि तेवढं त्यांचं बरोबर आहे. दुसरं त्यांना दिसणं शक्य नव्हतं. ते लाल दिव्याशेजारी होतं, मोठ्या कानांच्या त्या तरुणाच्या फोटोपुढे, देठाच्या हिरव्या पानासकट. मी गळ्यातली किल्ली काढून दप्तरात टाकली आणि हात धुवायला गेले.